झुंबरबाईंचा नंबर

अजिनाथ स्वतःला भलताच सावध माणूस समजायचा. पाथर्डीतल्या एका संस्थेची वेबसाइट तो सांभाळायचा. ऊसतोडीला जाणाऱ्या आईबापांना पोरं मागे वसतिगृहात ठेवायची असली, तर अर्ज याच वेबसाइटवर भरावा लागे. यंदा दिवाळीआधी कुठल्याशा यंत्राने मिनिटाला शंभर खोटे अर्ज टाकून ती पार झोपवली. मग अजिनाथने आधीचा पाच अर्जांचा नियम कडक केला, आता एका फोनवरून दोनच अर्ज. तिसऱ्याला दार बंद.

सेटिंग तपासताना या नियमातून सूट दिलेल्या नंबरांच्या यादीत त्याला एक अनोळखी नंबर दिसला. नाव नाही, नोंद नाही. कुणीतरी आत शिरून सेटिंगला हात लावलाय, असं गड्याने परस्पर ठरवून टाकलं आणि नंबर उडवला. वर अध्यक्षांना तोऱ्यात सांगितलं, "घुसखोर पकडला." शाबासकीही मिळाली.

मुदत संपली, वसतिगृह भरलं, ट्रक कारखान्यांकडे निघून गेले. चौथ्या दिवशी झुंबरबाई ऑफिसात आल्या. अख्ख्या वस्तीत स्मार्टफोन त्यांच्याचकडे, त्यामुळे सगळ्या पोरांचे अर्ज दरवर्षी त्याच भरायच्या.

"सर, दोन अर्ज गेले, मग घेतच न्हाई बगा. आदी लोकांचे भरावं म्हनून नातीचा शेवटाला ठेवला हुता. बाकीची पोरं गेली, माजी ज्ञानेश्वरीबी गेली आईबापासंगं. फोन लई जुना हाय माजा. माजीच चूक."

अजिनाथने नंबर विचारला. त्या एकेक आकडा सांगू लागल्या. त्याने उडवलेला नंबर हाच होता. गेल्या वर्षी यांच्याच ओट्यावर चहा पिता पिता त्याने स्वतः हा नंबर यादीत घातला होता. नोंद करायचा तेवढा कंटाळा केला होता.

बाई उठल्या, दारापर्यंत गेल्या. गप्प बसला असता तर कुणाला कळलंही नसतं. हे मनात आलं, याचीच त्याला जास्त लाज वाटली.

"मावशी, फोन चांगलाय तुमचा. तुमचा नंबर मीच बंद केला होता. चूक माझी आहे."

झुंबरबाई दारातून मागे आल्या. चार शिव्या दिल्या असत्या तरी त्याला बरं वाटलं असतं. त्यांनी फोन लावला आणि त्याच्या हातात दिला.

"तुमीच सांगा तिला. रोज इचारती."

पलीकडे उसाच्या फडातला गलबला होता. त्यातून एक बारीक आवाज आला, "आज्जे, लागलं का गं माजं नाव?"