पंधरातले चौदा

अल्लीपूरच्या हिरालालजींच्या कॉम्प्युटर क्लासमध्ये कॉम्प्युटर एक, प्रिंटर एक, यूपीएस एक, खुर्च्या चार. कॉम्प्युटरबरोबर आपोआप सुरू होणारे प्रोग्राम पंधरा. बटण दाबल्यापासून काम करता येईपर्यंत सहा मिनिटं चाळीस सेकंद. यूपीएसची बॅटरी आठ मिनिटं टिकायची.

ही मोजणी मयुरीची. बी.एस्सी. झाल्यावर ती इथं शिकवायला लागली होती, आणि मनगटावर वडिलांचं, बाबारावांचं, सेकंदकाट्याचं घड्याळ होतं.

साल २००६. सकाळी नऊ ते एक लोडशेडिंग. लोक अर्ज छापायला यायचे तेही नेमके तेव्हाच. बॅटरीवर कॉम्प्युटर चालू होईस्तोवर ती संपतच आलेली असायची.

“सोमवारी हा डब्बा इकून टाकतो,” हिरालालजी म्हणाले. “टाइपरायटर बरा होता. त्याले लाईन तरी लागत नोती.”

“काऊन इकता काकाजी? मशीन चांगली हाय. नुसतं ओझं झालं तिच्यावर.”

“अन् ओझं टाकलं कोनं?”

ओझं मयुरीचंच होतं. प्रत्येक बॅचच्या शेवटच्या दिवशी ती मुलांकडून एक नवा प्रोग्राम टाकून घ्यायची. बॅचा झाल्या तेरा, प्रोग्रामही तेरा. काढून टाकायचा धडा तिनं कधी घेतलाच नव्हता.

शनिवारी दुपारी वीज आल्यावर ती बसली. आपोआप सुरू होणाऱ्या प्रोग्रामांच्या यादीतली एकेक खूण काढायची, कॉम्प्युटर पुन्हा चालू करायचा, वेळ वहीत लिहायची. तेरा खुणा गेल्या, तेव्हा वेळ एक मिनिट पन्नास सेकंदांवर आली. उरले दोन: व्हायरस अडवणारा, आणि हिरालालजींची आरती.

“आरतीले हात नको लावू. तिच्याबिना दुकान उघडत नाई.”

“अडतीस सेकंद खाते काकाजी.”

“देवाचे सेकंद मोजतं काय, पोरी?”

“देवाचे नाई जी, बॅटरीचे. आरती मशीनमंदीच राहीन. लाईन आली का तुमी सोता लावजा.”

हिरालालजींनी पडद्यावरच्या आरतीच्या नावाकडे बोट केलं. “काढ तिले. मीच म्हनतो. मले पाठ हाय.”

सोमवारी साडेनऊला, वीज नसताना, गावातले रूपराव अर्ज छापून घ्यायला आले. एका पानाचा मजकूर होता. मयुरीनं बटण दाबलं आणि हिरालालजींनी टाळ्या वाजवत आरती धरली. दुसऱ्या कडव्यालाच पडदा तयार झाला, तरी त्यांनी आरती अर्धी सोडली नाही. इकडं मयुरीची बोटं चालत होती.

“आजकाल लवकर उठते वाटते तुमची मशीन,” रूपराव म्हणाले.

“बाबारावची पोरगी हाय हे,” आरती संपवून हिरालालजी म्हणाले. “घड्याळ लावून इलाज केला तिनं. डॉक्टरबी करत नाई असा.”

मयुरीनं मान वर केली नाही. पण कान तापल्याचं तिला कळलं. प्रिंटरनं कागद बाहेर टाकला. तिनं मनगट वळवून वहीत दोन ओळी लिहिल्या.

चालू व्हायला: एक मिनिट बारा सेकंद.
अर्ज हातात पडेपर्यंत: सहा मिनिटं पाच सेकंद.