सरव्याचं दान

"कोपरे सोडा गं. चारी कोपरे उभे राहू देत. आणि हातातून निसटलेली ओंबी उचलायची नाही, ती आपली नव्हे."

सासूबाईंना जाऊन बरीच वर्षं झाली, तरी कापणीला वाकले की त्यांचा हा आवाज कानात येतो. मालकांच्या शेतावर कापणीच्या टोळीत त्या सगळ्यांच्या पुढे असायच्या. रीत थोरल्या मालकांनी घालून दिलेली. कोपऱ्यातला गहू कापायचा नाही, मागे पडलेल्या ओंब्या वेचायच्या नाहीत. तो सरवा. तो विधवांचा, पोरक्यांचा, वाटेनं जाणाऱ्या उपाशी माणसाचा. पवित्र शास्त्रात तसं सांगितलंय, आणि थोरले मालक शास्त्र वाचून कपाटात ठेवणाऱ्यांतले नव्हते. सरवा वेचणाऱ्या बायका समोर दिसल्या तर ते बांध बदलून दुसरीकडून जायचे. बायकांना संकोच नको म्हणून.

माझी धाकटी जाऊ विधवा झाली तेव्हापासून तिची चूल सरव्यावरच पेटत आली. कुणाला विचारायला नको, कुणाचे उपकार नकोत. टोळी शेताबाहेर पडली की आत शिरायचं, कंबरेचा काटा ढिला होईपर्यंत वेचायचं, घरी आणून कुटायचं. यंदा तर तिची लेक बाळंतपणाला आलेली. पोर नुसती काडी झाली होती, पोट तेवढं पुढे. धाकटीचा सगळा जीव त्या सरव्यात अडकला होता.

कापणी संपली त्या सकाळी ऊन डोक्यावर यायच्या आतच धाकटी पोतं घेऊन शेतावर आली. बरोबर शेजारची फटकळ मावशी आणि आणखी दोघीचौघी. भेगाळलेली जमीन, धसकटं पायात घुसत होती. मी शेजारच्या तुकड्यात पेंढ्या बांधत होते. बांधावर राखणदार काठी आडवी धरून बसलेला.

"मागं फिरा, वहिनी," तो धाकटीला म्हणाला.

"का रे भावा? रातोरात शेताचं लग्न झालं का, पाहुण्यांना बंदी?"

"मालकांचा हुकूम आहे. यंदापासून सरवा चर्चचा."

"चर्चला कधीपासून भूक लागायला लागली?" मावशी म्हणाली, तशा बायका हसल्या.

तेवढ्यात मालक आलेच. थोरल्यांचा मुलगा. मंडळीचे पंच, उपासनेला पहिल्या बाकावर बसणारे. रागावून बोलणं त्यांना ठाऊकच नाही, हे मी खरंच सांगते. आवाज कसा लोण्यासारखा.

"चिडतेस कशाला, बाई? यंदा कोपरे कापले, सरवाही मजूर लावून वेचून घेणार. सगळं चर्चमध्ये जमा होईल. रविवारी गरिबांना वाटू. कसं शिस्तीत! झोंबाझोंबी नको."

"झोंबाझोंबी झाली कधी, मालक?"

"झाली नाही, पण होऊ शकते."

"शेवटी मिळणार आम्हालाच ना? मग असंच वेचू द्या की. सरळ वाट सोडून चर्चला वळसा कशाला?"

"अगं, दान प्रेमानं हातात द्यायचं असतं."

"प्रेमानं नको, मालक," धाकटी म्हणाली, "रीतीनं द्या. तुमच्या वडिलांनी—"

"त्यांचा काळ वेगळा होता."

"पोट तेच आहे की!"

मालक हसले, मान हलवली आणि निघून गेले. "आयजीच्या जिवावर बायजी उदार," मावशी त्यांच्या पाठीला म्हणाली. धाकटी मात्र तशीच उभी. कापून सपाट केलेल्या कोपऱ्याकडे ती असं बघत होती, जणू घरातलं कुणी उठून गेलंय.

संध्याकाळची प्रार्थना आटोपून मी चर्चमध्ये पाळकसाहेबांकडे गेले. मला फार बोलता येत नाही. पण तेवढं बोलले. तरुण माणूस, मनानं चांगला. सगळं ऐकून म्हणाले, "बाई, मालकांचा हेतू चांगला आहे. आपण हेतू बघावा."

"हेतू देव बघेल, साहेब. आपण पोट बघावं."

त्यांनी वर पाहिलं. चर्चचं छप्पर दोन पावसाळे गळत होतं, आणि ते दुरुस्त करून द्यायचं मालकांनी कबूल केलं होतं. मला उत्तर मिळालं. मी उठले.

रविवारी वेदीसमोर पोती रचलेली, पोत्यांवर फुलं ठेवलेली. दानशूरपणावर छान प्रवचन झालं. मग मालक उभे राहिले.

"नदीकाठचं शेत अजून वेचायचं राहिलंय. आज जे धान्य घेतील त्यांनी उद्या पहाटे तिथला सरवा वेचून चर्चमध्ये जमा करायचा. मजुरी नाही, ही सेवा आहे. फुकट मिळालं की माणूस आळसावतं, त्याच्याच भल्याचं सांगतो. देवासमोर शब्द द्या आणि घेऊन जा."

एकेक बाई पुढे जाऊ लागली. धाकटी बाकावरच बसून राहिली. लेकीनं तिचा हात धरला. "आई, राहू दे. चालवू आपण कसंतरी."

धाकटीनं तिच्या पोटाकडे पाहिलं आणि उठली.

मालकांनी पोत्यातून मापानं धान्य घातलं आणि माप तिच्या झोळीवर तसंच धरून ठेवलं. "शब्द?"

"येईन."

"मोठ्यानं बोल, मंडळीला ऐकू दे."

"उद्या पहाटे येईन. वेचलेलं सगळं आणून देईन."

"आमेन," मंडळी म्हणाली.

घरी जाताना मावशीच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला. "आपलंच वेचायचं, आपलंच पोचतं करायचं, आणि आपलंच हात पसरून घ्यायचं! या माणसानं स्वर्गातसुद्धा मुकादमी पटकावली असणार गं. मी नाही जायची. मी शब्द दिला तो जिभेनं, मनानं नाही." बाकीच्याही हसल्या. त्याही जाणार नव्हत्या. धाकटीनं झोळी या हातातून त्या हातात घेतली. या हातातून त्या हातात घ्यावी इतकी ती जड नव्हती.

सोमवारी पहाटे मी नेहमीसारखी प्रार्थनेला उठले. शेजारी धाकटीच्या दारात उजेड दिसला. ती रिकामं पोतं झटकत होती.

"जाऊ नकोस," मी म्हणाले. "कुणीच जात नाहीये. असला शब्द मोडला तर पाप लागत नाही."

"शब्द मालकांना कुठं दिलाय, ताई?"

"म्हणून काय झालं?"

"ज्याच्यासमोर दिला त्यानं माझं काय वाईट केलंय?"

माझी रोजची प्रार्थना, रोजचं वाचन. तरी मी म्हणाले, "निदान वेचताना दोन मुठी बाजूला काढ. पोरीचे दिवस भरलेत. देव रागावणार नाही."

"'सगळं' म्हणाले होते मी," ती म्हणाली. मग पोत्याची घडी काखेत मारली. "तिला कळा सुरू झाल्या तर नदीकडे कुणाला तरी धाडा."

लेकीची झोप मोडू नये म्हणून तिनं दार दोन्ही हातांनी उचलून, आवाज न करता लोटलं, आणि नदीची वाट धरली.