शेक लागला, निरोप पोचला नाही

मी एक जुना थॅलॅमस आहे. नाव परदेशी, पण मुक्काम पक्का कशेळे गावचा. विमलबाईंच्या मेंदूत अगदी मधोमध मी राहतो. आकाराने लहानशा अंड्याएवढा. मी उजवा, माझा जुळा भाऊ डावीकडे. आम्हा दोघांमध्ये पाण्याची अरुंद फट आहे. खाली हायपोथॅलॅमस राहतो. भूक, तहान, झोप त्याच्याकडे. माझ्या कुशीला पांढऱ्या तंतूंचा जाड पट्टा आहे. मेंदूच्या वरच्या सालीकडे जाणारा तो आमचा रस्ता.

मित्रांनो, माझं काम निरोप्याचं. मेंदूत उजवीकडच्यानं डावं अंग सांभाळायचं, अशी वाटणी आहे; म्हणून डाव्या अंगाला काटा टोचो की गारवा लागो, बातमी माझ्या दारात येते आणि मी ती वर पाठवतो. लावणीतला चिखल, खेकड्याची नांगी, नातवाचं तापलेलं कपाळ, सगळं मी वेळेत पोचवलं. विमलबाईंना वाटायचं, हातालाच कळतं. वाटू दे, म्हटलं.

गेल्या आठवड्यात सकाळी माझी एक बारीक रक्तवाहिनी बंद झाली. हाताच्या बातम्या येतात, नेमका तोच कोपरा उपाशी पडला. विमलबाईंचा डावा हात हलत होता, पण बधिर.

"अंगाखाली आला असंल," सून छाया म्हणाली. "शेक देते."

आमच्याकडे हातापायाला काही झालं की आधी शेक, मग दवाखाना. तिनं तव्यावर मीठ भाजलं, फडक्यात बांधलं आणि तळहातावर दाबून धरलं.

"लागतंय का, आये?"

"काय नाय गं. गारच हाय. आनखी तापव."

छायानं आणखी तापवलं. चटक्याची बातमी माझ्या दारावर धडका देत होती, आणि मला दार उघडता येत नव्हतं.

वास मात्र माझ्या दारातून जात नाही. तो नाकातून परस्पर वर पोचतो. विमलबाईच म्हणाल्या, "काय करपलं गं? भाकरी इसरलीस?"

"तवा तं खाली हाय, आये..."

करपलं होतं ते फडकं. त्याखाली तळहात फोडांनी भरला होता.

कर्जतला डॉक्टर म्हणाले, हा मेंदूचा झटका. हात बधिर होताच आणायला हवं होतं. छाया रडायला लागली. "माज्यामुळं झालं, आये."

"गप गं. लग्न झाल्यापासून एकदाच माजं आयकलंस, आनि ते बी नको तवा!"

दोघी हसल्या. मला हसू आलं नाही. चूक छायाची नव्हती. निरोप माझ्याकडे अडला होता आणि दोष त्या पोरीनं घेतला.

म्हणून सांगतो, मित्रांनो. घरात कुणाचा एका बाजूचा हात, पाय किंवा तोंड अचानक बधिर झालं, तर मीठ तापवू नका. गाडी बोलवा आणि थेट दवाखाना गाठा. बधिर अंगाला तर शेक कधीच नको.

आता छाया रोज मलम लावते आणि मग ती बोटं हातात धरून बसते. विमलबाईंना तो स्पर्श कळत नाही. पण डोळ्यांच्या बातम्यांचा माझा कोपरा शाबूत आहे. त्या मान वाकवून हाताकडे बघतात, आणि तेवढं मी ताबडतोब वर पोचवतो.