खसखशीचं आंबटगोड

बोळिंजच्या हरिश्चंद्र राऊतांनी त्या वर्षी विहिरीलगतच्या सहा वाफ्यांत वांगी न लावता सॅलडचा पाला लावला. दादरच्या एका व्यापाऱ्याने त्यांना तो नाद लावला होता. बी त्यानेच आणून दिलं, मोठ्या हॉटेलात माल जातो म्हणाला, आणि हरिश्चंद्रांना नव्या पिकाचं पहिल्यापासून वेड. सुशीलाबाईंनी एकदाच विचारलं, "अहो, हे खातं कोण?"

"हॉटेलात येणारे खातात."

"कच्चं?"

"कच्चंच."

सुशीलाबाई आत वळल्या. तीस वर्षांच्या संसारात नवऱ्याने वाडीत काय लावावं यात त्यांनी तोंड घातलं नव्हतं, आणि पातेल्यात काय शिजावं यात नवऱ्याने.

थंडी पडली तसा पाला माजला. एकेक गड्डा परकराच्या झालरीसारखा पसरला. पानं पोपटी, कडा जराशा तांबूस. येणारा-जाणारा कुंपणाशी थांबून बघायचा. आणि जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात व्यापाऱ्याचा निरोप आला, की ते हॉटेल दुरुस्तीसाठी बंद पडलं आहे, माल पाठवू नका.

हरिश्चंद्र दोन दिवस वाडीत कमी आणि ओट्यावर जास्त दिसले. सुशीलाबाईंनी त्यांना बरं वाटावं म्हणून त्या पाल्याची भाजी करून पाहिली. कढईभर पाला मूठभर झाला आणि वर वाटीभर पाणी सुटलं. हरिश्चंद्रांनी ती निमूटपणे खाल्ली आणि लोणचं मागितलं. मुलगा पियुष म्हणाला, "आई, हे पुन्हा नको."

कुंपणापलीकडच्या ॲनीला हे सगळं ठाऊक होतं. दोन्ही घरांच्या वाड्यांना एकच पाट पाणी पाजायचा, तेव्हा एका घरातलं दुसऱ्याला कळायला वेळ लागत नसे. ती म्हणाली, "सुशीला, माझ्या फ्रेडरिकला विचारते. त्याच्याकडे रविवारी मुंबईचे तीस पाहुणे यायचेत. त्यांना असलंच काही पाहिजे म्हणत होता."

फ्रेडरिक म्हणजे ॲनीचा धाकटा भाऊ. पंधरा वर्षं जहाजावर काढून तो परतला होता आणि कळंबला समुद्राजवळ चार खोल्यांचं कॉटेज बांधून पाहुणे ठेवत होता. गुरुवारी सकाळी तो स्कूटरवरून आला, वाफ्यात उकिडवा बसला, एक पान तोडून तसंच चावलं.

"माल झकास आहे, वहिनी. सगळा घेतो. पण नुसता पाला ताटात ठेवला तर लोक म्हणतील, आम्ही काय बकऱ्या? वर ड्रेसिंग पाहिजे."

ड्रेसिंग म्हटल्यावर सुशीलाबाईंच्या डोळ्यांपुढे दवाखान्यातली पट्टी आली. त्या गोंधळून बघत राहिल्या.

"म्हणजे वरून घालायचं पातळसं काहीतरी," फ्रेडरिक म्हणाला. "जहाजावर खूप खाल्लं. पण मी होतो इंजिनात, भटारखान्यात नव्हतो. कसं करतात ते देवालाच ठाऊक."

तेवढ्यात मागच्या दारातून आवाज आला, "मी खाल्लंय ते."

दारात हेमांगी उभी होती. पियुषशी लग्न होऊन तिला तीन महिने झाले होते. दहिसरच्या फ्लॅटात वाढलेली मुलगी, लग्नाआधी अंधेरीच्या एका ऑफिसात कामाला होती. घरात सगळे एकमेकांशी गावच्या बोलीत बोलायचे आणि हेमांगी आली की पाहुणी आल्यासारखे शाळेतल्या मराठीवर यायचे. सुशीलाबाई तर तिला स्वयंपाकघरात भाजी निवडण्यापलीकडे काही करू देत नसत. राग नव्हता, सवय नव्हती.

"नोकरी सोडताना ऑफिसातल्यांनी मला हॉटेलात जेवण दिलं होतं," हेमांगी म्हणाली. "त्यात असाच पाला होता. वरचं ते आंबटगोड होतं, थोडं चिकट. आणि त्यात बारीक बारीक काळे दाणे. दाताखाली कुरकुरायचे."

"सब्जा असेल," सुशीलाबाई म्हणाल्या.

"नाही आई, सब्जा बुळबुळीत होतो."

फ्रेडरिकने मांडीवर थाप मारली. "पॉपी सीड! खसखस ती!"

"खसखस पांढरी असते," सुशीलाबाई म्हणाल्या.

"आपली पांढरी. तिकडे निळीकाळी असते. दाणा तोच. वहिनी, ते जमवा, मग रविवारचा पाला माझा."

स्कूटर गेली आणि सुशीलाबाई मागच्या दाराशी आल्या.

सुशीलाबाईंचा हात गावात नावाजलेला होता. लग्नकार्यात आचाऱ्याला मीठ विचारायचं तर तो यांना विचारायचा. पण आतापर्यंत त्यांनी जे जे केलं ते आधी खाल्लेलं होतं. आईच्या हातचं, सासूच्या हातचं. जी चव जिभेला माहीतच नाही ती हाताने आणायची कशी? ती चव ठाऊक असलेलं माणूस घरात एकच होतं.

"ये आत," त्या म्हणाल्या. "पाट घे."

डब्यात अनारशांची उरलेली खसखस होती. सुशीलाबाईंनी ती सवयीने भिजत घातली आणि दुपारी पाट्यावर गंधासारखी वाटली. त्यात साखर, मीठ, लिंबू आणि घाण्यावरचं शेंगदाण्याचं तेल घालून ढवळलं. दाट, पांढरट, कोंबडीच्या रश्श्याच्या वाटणासारखं काहीतरी तयार झालं. हेमांगीने बोट बुडवून चाटलं.

"छान झालंय, आई."

"छान झालंय, की तसंच झालंय?"

हेमांगी खाली बघू लागली.

"सांग की. मी काय रागावणार आहे?"

"तसं नाही झालं. दाणे अख्खे होते. आणि तेलाला वास नव्हता. हे चटणीसारखं लागतंय."

सुशीलाबाईंना थोडा राग आला होता. कोणी त्यांच्या हातच्या पदार्थाला चटणी म्हणावं हे त्यांनी या घरात ऐकलं नव्हतं. पण त्यांनीही बोट बुडवून पाहिलं. चटणीच होती. रात्री सगळ्यांनी ती भाकरीला लावून खाल्ली आणि हरिश्चंद्रांनी दोनदा मागून घेतली, ते वेगळं.

शुक्रवारी हेमांगी स्वतः बाजारात जाऊन बिनवासाचं रिफाइंड तेल घेऊन आली. लिंबाऐवजी काहीतरी वेगळं आंबट होतं असं तिला राहून राहून वाटत होतं. ते ऐकून ॲनीने कुंपणावरून बाटली पुढे केली. "ताडीचा शिरका आहे, घरचा. दोन वर्षं मुरलाय. विंदालूला घालते मी."

हेमांगीने बाटलीचं बूच काढून वास घेतला आणि तिचा चेहरा उजळला. "हाच! याच जातीचा वास होता."

या वेळी खसखस वाटायची नाही असं ठरलं. सुशीलाबाईंनी ती मंद आचेवर जराशी शेकली, दाणे तडतडू लागताच कढई उतरवली. कांदा किसून पंच्यातून रस पिळून काढला, कारण हॉटेलातल्या त्या पदार्थात कांदा दिसत नव्हता पण लागत होता, असं हेमांगीचं म्हणणं. सगळं एकत्र करून रवीने घुसळलं. चव जवळ आली. पण रवी थांबवली की तेल वर, शिरका खाली. पुन्हा घुसळावं, पुन्हा तेच. चार वेळा झालं.

"असं वेगळं वेगळं नव्हतं," हेमांगी रडवेली होऊन म्हणाली. "मधासारखं एकजीव होतं. पानाला धरून राहायचं."

"अजून काय होतं त्यात? डोळे मिट आणि आठव. घाई नाही."

हेमांगीने खरंच डोळे मिटले. जरा वेळाने म्हणाली, "गिळल्यावर नाकात जायचं. म्हणजे तिखट नाही, पण इथे वर झणका यायचा."

सुशीलाबाई पाटावरून उठल्याच. "अगं, मग मोहरी आहे त्यात! आधी नाही का सांगायचं?"

"मोहरी फोडणीत घालतात ना?"

"फोडणीत वेगळी. ही फेसायची."

कैरीच्या लोणच्याला त्या दर वर्षी मोहरी फेसत. आज त्यांनी ते हेमांगीच्या हातात दिलं. मोहरीची पूड ताटलीत घेतली, चमचाभर पाणी घातलं आणि तळहाताने घासायला सांगितलं. "जोर लाव. पांढरी व्हायला हवी. डोळ्यात पाणी आलं की झाली समज." हेमांगी घासत राहिली. आधी काहीच होईना, मग पूड हलकी झाली, फुगली आणि असा भपका सुटला की दोघींच्याही नाकाडोळ्यांतून पाणी वाहू लागलं. बाहेर ओट्यावर हरिश्चंद्र शिंकले. त्या शिंकेवर दोघी इतक्या हसल्या की सुशीलाबाईंना पदराने डोळे पुसताना, हे मोहरीचं की हसण्याचं, कळेना.

फेसलेल्या मोहरीत त्यांनी साखर, मीठ, कांद्याचा रस आणि शिरका घातला. सुशीलाबाईंनी रवी धरली. "आता तेल सोड. एकदम ओतू नकोस, दोऱ्यासारखी धार पाहिजे."

हेमांगीने श्वास रोखून धार सोडली. रवी फिरत राहिली. हळूहळू पातेल्यातलं पाणी पाणी राहिलं नाही, तेल तेल राहिलं नाही. दाट, फिकट पिवळं, चकचकीत असं काहीतरी रवीला धरू लागलं. शेवटी खसखस घातली. सुशीलाबाईंनी चमचा पुढे केला आणि परीक्षेचा निकाल लागायचा असावा तशा सुनेच्या तोंडाकडे बघत राहिल्या.

हेमांगीने चाखलं. पुन्हा चाखलं.

"आई, हेच. देवाशपथ, हेच."

सुशीलाबाईंनी खाली बसून पाय पसरले. सकाळपासून त्या तशा बसल्याच नव्हत्या.

शनिवारी तेच मोठ्या प्रमाणावर करून दोन काचेच्या बरण्या भरल्या. रविवारी पहाटेच्या दवात हरिश्चंद्रांनी चार वाफे कापले, पाला ओल्या गोणपाटात बांधला आणि सुशीलाबाई आणि हेमांगीसह तिघंही रिक्षाने कळंबला निघाली. रस्ता खडबडीत. बरण्या सुशीलाबाईंनी मांडीवर धरल्या होत्या, तरी कॉटेजच्या स्वयंपाकघरात झाकणं उघडून पाहिलं तर वर बोटभर तेल तरंगत होतं आणि खसखस तळाशी बसली होती.

सुशीलाबाईंचा चेहरा पडला. "फुटलं. सगळं वाया गेलं."

"नाही हो वहिनी, जहाजावरही असंच व्हायचं," फ्रेडरिक म्हणाला. "बाटली हलवून ओतायचे."

हेमांगीने झाकण घट्ट लावलं, बरणी दोन्ही हातांत धरली आणि बाळाला खेळवावं तशी हलवू लागली. सुशीलाबाईंनी दुसरी घेतली. मोहरीने तेल पुन्हा धरलं.

पाला, काकडी, वाडीतली पपई आणि वर ते. थाळे बाहेर गेले. सुशीलाबाई खिडकीच्या गजाशी उभ्या राहून बघत होत्या. पाहुण्यांपैकी एकाने चमचा उचलला, शेजाऱ्याला काहीतरी म्हणाला, आणि मग ते बोलायचे थांबले आणि खाऊ लागले. माणसं गप्प होऊन खाऊ लागली की काय समजायचं ते सुशीलाबाईंना कोणी शिकवायला नको होतं.

जेवण संपत आलं तशा एक पांढऱ्या केसांच्या बाई रिकामा वाडगा घेऊन आत आल्या. "हे कोणी केलं?"

सुशीलाबाईंनी हेमांगीकडे हात केला. त्याच वेळी हेमांगीने सुशीलाबाईंकडे केला. बाई हसल्या आणि कृती विचारू लागल्या. सुशीलाबाईंनी काही लपवलं नाही. कांदा, शिरका, साखर, सगळं सांगितलं. "आणि मोहरी फेसूनच घ्या बरं का, नाहीतर कडू होईल," त्यांनी बजावलं, जणू काही त्यांच्या माहेरी हे पिढ्यान्‌पिढ्या होत आलं होतं.

फ्रेडरिकने फेब्रुवारीचे सगळे रविवार तिथल्या तिथे ठरवून टाकले. हरिश्चंद्र लगेच उरलेल्या दोन वाफ्यांचा आणि नव्या रोपांचा हिशेब मांडत त्याच्याबरोबर माडांखाली फिरू लागले.

हेमांगीने एका ताटलीत थोडं सॅलड वाढून आणलं. दोघी मागच्या पायरीवर बसल्या, समोर ओहोटीचा समुद्र लांब गेलेला. सुशीलाबाईंनी तो पाला पहिल्यांदाच त्या खसखशीसकट खाल्ला. सावकाश चावला.

"बरं लागतंय," त्या म्हणाल्या. "पण साखर चिमूटभर कमी चालेल."

"मलाही तसंच वाटत होतं," हेमांगी म्हणाली.

"मग बोलली का नाहीस?"

"पुढच्या वेळी बोलेन."

"बोल," सुशीलाबाई म्हणाल्या. ते त्यांनी पहिल्यांदाच गावच्या बोलीत म्हटलं होतं, आणि हेमांगीने ताटलीतली पपईची शेवटची फोड त्यांच्याकडे सरकवली.