पालकांची सही

रिफॉर्मेशन डे या प्रोटेस्टंट सणाच्या सुट्टीमुळे जर्मनीतलं आमचं सगळं वोल्फ्सबुर्ग शांत होतं, आणि आमच्या स्वयंपाकघरात मात्र सकाळपासून एका कागदावरून जुंपली होती.

आमच्या एकुलत्या एक मुलीला, अन्वीला, अमेरिकेतल्या एका लहानशा कॉलेजात ‘अर्ली डिसिजन’नं अर्ज करायचा होता. म्हणजे निकाल लवकर लागतो, पण प्रवेश मिळाला की तिथंच जायचं आणि बाकीचे अर्ज मागे घ्यायचे. तसं वचन मुलीनं, पालकानं आणि शाळेनं सही करून द्यायचं. संध्याकाळी सहाच्या आत कागद शाळेच्या सल्लागार बाईंना, फ्राऊ केलरना, पाठवायचा होता. साडेपाच होऊन गेले होते.

तिनं जाऊ नये असं मला वाटत होतं. तिथं म्हणे जीवशास्त्र आणि नाटक दोन्ही शिकता येतं. हॅनोव्हरचं विद्यापीठ गाडीनं तासाभरावर आहे, करायचंय काय नाटक?

माझ्या नवऱ्यानं, क्षितिजनं, पेन उघडलं. “आण इकडे. पुढे म्युनिकच्या विद्यापीठात प्रवेश मिळाला तर यांना नाही म्हणून कळवू. कोण विचारायला येतंय?”

पुण्यात आमच्या इंजिनिअरिंगच्या अ‍ॅडमिशन अशाच झाल्या होत्या. एक जागा धरून ठेवायची, पुढच्या फेरीत बरी मिळाली की पहिली सोडायची. त्यात आम्हाला कधी काही वावगं वाटलं नाही.

अन्वीनं कागदावर हात ठेवला. “मग सही करू नकोस, बाबा,” ती जर्मनमध्ये म्हणाली. तिला मराठी सगळं कळतं, पण भांडते जर्मनमध्ये. “फ्राऊ केलर तुझ्या सहीखाली सही करणार. खोटी सही मी पाठवणार नाही.”

“खोटी कशी? माझीच आहे ना?”

“तुला ती पाळायची नाहीये.”

क्षितिज तणतणत बाल्कनीत गेला. मुलगी इतकी सरळ कुणावर गेली देव जाणे, आमच्यावर तर नाहीच. तिनं कागद माझ्यापुढे सरकवला.

“आई, तू करशील?”

मी नुसतं गप्प बसले असते तरी प्रश्न मिटला असता. सहा वाजले असते आणि पोर घरात राहिली असती. ती माझ्याकडे बघत राहिली. विनवणी नाही, काही नाही. त्याचाच मला राग आला.

“तू जाऊ नयेस असंच मला वाटतं,” मी म्हणाले. “पण सही केली तर फिरणार नाही. रडेन, पण फिरणार नाही.”

आणि केली. सही इतकी वेडीवाकडी आली, की बँकेनं परत पाठवली असती.

अन्वीनं फोटो काढून मेलला जोडला, आणि तिचा अंगठा तिथंच थांबला.

“आई,” आता ती मराठीत बोलत होती, “मला भीती वाटतेय. नको का पाठवू?”

वर्षभर मला हेच ऐकायचं होतं. ‘राहू दे’ अगदी ओठांवर आलं होतं. मी खुर्चीची पाठ घट्ट धरली.

“पाठव,” मी म्हणाले.