उमेदवार कुमारराव

दीनानाथांनी उपरणं सावरलं, एक पाऊल पुढे टाकलं आणि ट्रुगानिना या परदेशी उपनगरातल्या लेकीच्या एवढ्याशा परसात आवाज चढवला.

"सांगा मंडळी, कचऱ्याची बिन कोण बाहेर काढणार?"

आणि थांबले.

"कट! बाबा, परत थांबलात," मोबाइलमागून सुमेधा म्हणाली. "निवडणुकीच्या जाहिरातीत थांबतात का कोणी? 'कुमार!' असं स्वतःच ठणकावायचं, की पुढचं आश्वासन."

"अगं, उत्तर समोरून येतं. ते आल्याशिवाय पुढचं सुचतच नाही मला."

समोर होता फक्त जावई, उमेदवार कुमार. वर कोट-टाय, खाली पायजमा, हातात पुठ्ठा : 'घराला हवं खंबीर नेतृत्व!' लॉकडाउन लागल्यापासून सुमेधा प्रचाराच्या जाहिरातींची अशी टिंगल करणाऱ्या छोट्या फिल्म काढायची. ओळखीपाळखीतले पोट धरून हसायचे. आज वडिलांना त्यात ओढलं, त्यामागे तिचा वेगळाच डाव होता. लेकीकडे आलेले कीर्तनकार दीनानाथबुवा विमानं बंद झाल्याने इथेच अडकले होते. रामनवमीला त्यांनी इथल्या मराठी मंडळासाठी झूमवर कीर्तन केलं. चौकोनच चौकोन, सगळे म्यूट. समोरून प्रतिसादच नाही, म्हणून पूर्वरंगातच कीर्तन आटोपतं घेतलं. तेव्हापासून चिपळ्यांना हात नाही. गणपतीतल्या कीर्तनाचं मंडळाला आज कळवायचं होतं, आणि बुवा नकारावर अडून होते.

"या घ्या चिपळ्या. शेवटचा टेक, बाबा."

पुन्हा पाऊल, पुन्हा सवाल. "…कोण बाहेर काढणार?"

"कुमार!"

आवाज कुंपणापलीकडून आला. शेजारचा ग्रॅहम, मास्क हनुवटीवर, हातात झाडं छाटायची कात्री.

"सॉरी मेट, सकाळपासून ऐकतोय. उत्तर कुमारच ना?"

बुवांची मान डुलली. चिपळ्या वाजल्या.

"भांडी कोण घासणार?"

"कुमार!" आता मागच्या घरातून हरप्रीत आंटीही ओरडल्या.

"आणि इस्त्री?"

"कुमार!"

मग जाहिरात राहिली बाजूला. बुवांचा स्वर मोकळा वर चढला आणि नामाचा गजर सुरू झाला. ग्रॅहम कुंपणाच्या फळीवर ठेका धरू लागला. उमेदवाराने पुठ्ठा गवतावर टाकला आणि त्यावरच मांडी घातली. सुमेधाने कट म्हटलं नाही.

गजर थांबला तेव्हा तिथल्या हिवाळ्यातल्या थंडीतही बुवांच्या कपाळावर घाम होता.

"मंडळाला हो म्हणून कळव," ते म्हणाले. "पण माइक कोणी बंद करायचा नाही."

"बाबा, कुकरच्या शिट्ट्या, पोरांची रडारड, सगळं येईल मध्ये," कुमार म्हणाला.

"येऊ दे की, कुमारराव! कीर्तनाला माणसं घरादारासकट आली, तर बिघडलं कुठं?"