कुरामोचींच्या हातातली तलवार

मित्रांनो, मी एक जुनी तलवार आहे, पण माझ्यात लोखंड नावालाही नाही. मी बांबूची. क्योतोच्या एका चित्रपट स्टुडिओत म्हाताऱ्या सादाकिचींनी मला तासले, वर चंदेरी वर्ख चढवला आणि इवाओ कुरामोचींच्या हाती दिले.

कुरामोचींचा चेहरा पडला खलनायकाचा. त्यामुळे सामुराईंच्या चित्रपटांत ते नेहमी नायकाच्या हातून मरत. कधी चिखलात, कधी नदीत, कधी जिन्यावरून गडगडत. त्यांची मुलगी मिसाओ एकदा त्यांना शोधत सादाकिचींच्या खोलीतच रडत आली.

"बाबा, वर्गातल्या पोरी म्हणतात, तुझा बाप दर आठवड्याला मरतो!"

"मग विचार त्यांना, कालचं मरण आवडलं का?" कुरामोची म्हणाले. पोर रडता रडता हसली.

त्यांना मारणारा नायक म्हणजे शिनोहारा. दोघे तरुणपणापासून एकमेकांशी लढत आलेले. पुढे शिनोहारांची नजर अधू झाली. त्यांनी ते सर्वांपासून लपवले. पण तालमीत त्यांचा वार कुरामोचींच्या कानाला चाटून गेला.

"शिनोहारासान, मी दिसतो का हो तुम्हाला?"

शिनोहारांनी तलवार खाली केली. "सावली दिसते. एवढा चित्रपट पुरा होऊ दे, कुरा. मग थांबतो मी."

"मग डोळ्यांवर जाऊ नका. माझ्या पायांच्या आवाजावर या."

शेवटची लढाई देवळाच्या अंगणात होती. खाली बारीक खडी. कुरामोची प्रत्येक पाऊल मुद्दाम घासत होते. खर्र आवाज झाला की शिनोहारांची तलवार तिकडे वळे. कुरामोचींच्या मुठीत मी धास्तावले होते, कारण चुकलेला वार बांबूचा असला तरी डोळा फोडतो. अखेरचा वार जरा बाजूने आला. कुरामोची स्वतःच त्याच्या वाटेत शिरले आणि कोसळले.

"शिनोहारासान, अप्रतिम!" दिग्दर्शक ओरडले. "आणि कुरामोची, पाय कसले फरफटवताय? म्हातारे झालात!"

"चुकलं, साहेब." कुरामोचींनी मान लववली. खरे सांगून ते सुटले असते.

संध्याकाळी शिनोहारा भिंत चाचपत रंगपटात आले, गुडघे टेकून त्यांनी कपाळ चटईला लावले.

"अहो उठा, केसांचा टोप निसटेल!" कुरामोची म्हणाले. दोघेही हसले.

त्यानंतर कुरामोचींना कामाचे बोलावणे आले नाही. अखेर एके दिवशी येऊन त्यांनी मला फडक्याने पुसले. "हिला ओल लागू देऊ नका," एवढेच सादाकिचींना सांगून ते खडीवरून फाटकाकडे निघाले. त्यांच्या पावलांचा जरासुद्धा आवाज झाला नाही.

मित्रांनो, आता माझा वर्ख उडाला आहे. मला जपा, असा हट्ट मी धरत नाही. बांबू पुन्हा उगवतो. पण पडद्यावर नायक जिंकला, की टाळ्या वाजवण्याआधी जमिनीवर पडलेल्या माणसाकडेही एकदा पाहा.